पायावरच्या केमिकल बर्नचा क्लेम पुन्हा पुन्हा परत येतोय? कोड कुठे चुकतो ते पाहा

"निदान आणि आयसीडी कोड यांचा मेळ बसत नाही, खुलासा पाठवा."

टीपीएची, म्हणजे विमा कंपनीच्या वतीने क्लेम तपासणाऱ्या संस्थेची, ही एका ओळीची क्वेरी आली, की फाईल न उघडताच मी सांगते, कुणाच्या तरी पावलावर काहीतरी सांडलेलं आहे. चिपळूणच्या आसपासच्या एका मध्यम रुग्णालयात मी इन्शुरन्स डेस्क आणि रेकॉर्ड सांभाळते. जवळच लोटे-परशुरामची औद्योगिक वसाहत. शिवाय बाराही महिने कुठे ना कुठे स्लॅब पडत असतो आणि गणपतीच्या आधी घरोघरी फरशा घासल्या जातात. ॲसिड, कॉस्टिक, ओलं सिमेंट, सगळं शेवटी खालीच येतं, म्हणजे पायावर. त्यात गमबूट. बाहेरचं आत येऊ नये म्हणून घातलेला बूट, वरून एकदा काही आत गेलं की तेच धरून ठेवतो.

हे लिहिलंय ते माझ्यासारख्या डेस्कवरच्यांसाठी. गावी घरात बसून अमेरिकन चार्ट कोड करणाऱ्या पोरापोरींचीही अडचण मध्ये येईल, कारण त्यांची चूक बरोब्बर आमच्या उलटी असते. आयसीडी म्हणजे प्रत्येक आजाराला आणि इजेला ठरलेला कोड देणारं जागतिक आरोग्य संघटनेचं वर्गीकरण. त्यातले कोड इथे देवनागरीत दिलेत, सिस्टिममध्ये अर्थातच इंग्रजी अक्षर टाकायचं. आणि टी२५.० मधलं शेवटचं चिन्ह शून्य आहे, ओ नव्हे. हसू नका, त्यावरूनही क्लेम अडकलेला आहे.

क्वेरीचा सूर ओळखा

कोड चुकला की क्वेरी येते, पण कोणता चुकला हे क्वेरीत कधीच लिहिलेलं नसतं. ते तिच्या सुरावरून ताडायचं. "मेळ बसत नाही" म्हटलं असेल तर बहुतेक वेळा केमिकलला साध्या भाजण्याचा कोड लागलाय. एफआयआर मागितला असेल, "स्वतःहून केलेली इजा आहे का" असं विचारलं असेल, तर मुख्य निदानाच्या रकान्यात विषबाधेच्या गटातला कोड गेलाय. पॉलिसी नवी आहे आणि "पहिल्या ३० दिवसांतला आजार" म्हणून नामंजुरी आलीय, तर इजेऐवजी त्वचारोगाचा कोड पडलाय. आणि सिस्टिमच कोड घेत नसेल, लाल अक्षरात अवैध म्हणत असेल, तर तुम्ही एका पुस्तकातला कोड दुसऱ्या पुस्तकाच्या रकान्यात टाकताय.

यातल्या पहिल्या दोन्ही चुका मी एकाच फाईलमध्ये, एकीमागून एक केल्या. तीच फाईल सांगते.

एक बूट, तीन कोड

पावसाळ्याचे दिवस. रात्रपाळीचा एक कामगार पहाटे कॅज्युअल्टीत आला. उजवा पाय साध्या बादलीत बुडवलेला, बादलीसकट रिक्षातून आणलेला. बरोबरच्या माणसाच्या हातात प्लास्टिकच्या पिशवीत गमबूट. सिस्टरनी बूट मोरीत उलटा केला तर आतून साबणासारखं बुळबुळीत पाणी आलं. कॉस्टिक सोड्याचं द्रावण. त्याचा मोजा बोटांना असा चिकटला होता, की ओढायची सोयच नाही, पाणी सोडत सोडत कापून काढला. पावलाच्या वरच्या बाजूला फोड, बोटांच्या बेचक्यात पांढुरकी कातडी.

बायको मालवणाकडची. ती सिस्टरना एकच सांगत होती, "बाय, पानयान पाय खाल्ल्यान वो त्येचो."

केसपेपरवर मात्र आलं: बर्न, राइट फूट, सेकंड डिग्री. पाच शब्दांत संपलं. मी सर्चमध्ये बर्न आणि फूट टाइप केलं, टी२५.२ आला, फोड म्हणजे सेकंड डिग्री, बरोबर दिसलं, टाकला. चार दिवसांनी क्वेरी: निदान आणि कोड जुळत नाही. कारण डिस्चार्ज कार्डवर आरएमओंनी (निवासी डॉक्टरांनी) प्रामाणिकपणे "केमिकल बर्न" लिहिलं होतं.

मग मी शहाणपणा केला. केमिकल आहे ना, मग केमिकलचाच कोड टाकू. टी५४.३, दाहक अल्कली. पाठवून दिलं. आता जी क्वेरी आली ती आधीच्यापेक्षा वाईट: पॉयझनिंग कशामुळे, हेतू काय, पोलीस कागद जोडा. नवऱ्याच्या पायावर कॉस्टिक पडलं आणि बायको डेस्कपाशी उभी राहून विचारतेय, "ताई, आम्ही काय औषध पिलंव काय?" मला तिच्या तोंडाकडे बघवेना.

खरा कोड पहिल्या दिवसापासून त्याच पानावर होता, चार ओळी खाली. आयसीडी-१० मधला टी२५ हा गट घोटा आणि पावलाचा. त्याचं नावच "भाजणे आणि कोरोजन" असं दुहेरी आहे. टी२५.० ते टी२५.३ हे उष्णतेने भाजल्याचे. टी२५.४ ते टी२५.७ हे रसायनाने खाल्ल्याचे, त्याला तिथे कोरोजन म्हणतात. क्रमही सारखाच: टी२५.४ डिग्री न सांगितलेलं, टी२५.५ पहिली डिग्री, टी२५.६ दुसरी, टी२५.७ तिसरी. म्हणजे टी२५.२ च्या जागी टी२५.६. चाराचा फरक, बस्स. पण आपण सर्चमध्ये कोरोजन हा शब्द कधी टाइपच करत नाही. केसपेपरवर तो कुणी लिहीत नाही, बोलण्यात कुणी वापरत नाही. सर्च बिचारं आपण मागितलं ते देतं.

बायको बरोबर बोलत होती

ही गोष्ट माझ्या डोक्यात उशिरा शिरली. इंग्रजीत बर्न म्हटलं की सगळं एका टोपलीत जातं. आपल्याकडे तसं नाही. विस्तवाने भाजतं. उकळत्या पाण्याने, तापलेल्या वाळूने पोळतं. तव्याचा चटका बसतो. चुना, ॲसिड, सिमेंट खातं. विडा करताना चुना जास्त झाला तर जीभ भाजली असं कुणी म्हणत नाही, चुन्याने जीभ खाल्ली म्हणतो. आणि बिब्बा उततो. तो ना भाजतो, ना खातो.

जागतिक आरोग्य संघटनेच्या वर्गीकरणाने जो फरक दोन रकाने पाडून केलाय, तो पेशंट दारात पाऊल ठेवतानाच क्रियापदात करून मोकळा होतो. पण कॅज्युअल्टीत त्याचा इंग्रजीत बर्न होतो आणि तिथेच कोड हरवतो. म्हणून मी आता फाईल आली की आधी नर्सिंग नोट उघडते. सिस्टर बहुतेक वेळा पेशंटचेच शब्द लिहितात. "स्लॅबच्या कामात दिवसभर उभा, सिमेंटने पाय खाल्ले" अशी ओळ सापडली की डॉक्टरांकडे जाऊन विचारायचं: सर, हा थर्मल की केमिकल? त्यांनी लिहून सही केली की मगच कोड. नर्सिंग नोटवरून परस्पर कोड बदलायचा नाही. ती खूण आहे, निदान नव्हे.

सिमेंटचं तर नक्की विचाराच. ओलं सिमेंट चांगलंच अल्कलीधर्मी असतं आणि ते लगेच दुखत नाही. माणूस चपलेत किंवा फाटक्या बुटात दिवसभर उभा राहतो, संध्याकाळी घरी पाय धुताना कातडी सोलते. कित्येक जण दुसऱ्या दिवशी येतात. तोवर केसपेपरवर "पायाला जखम, इन्फेक्शन" एवढंच उरतं आणि कोड सेल्युलायटिसकडे, म्हणजे त्वचेच्या जंतुसंसर्गाकडे, पळतो.

आपल्याकडचा क्लेम: टी५४ मुख्य रकान्यात नको

भारतात क्लेमसाठी आपण आयसीडी-१० ची जागतिक आरोग्य संघटनेची आवृत्ती वापरतो. त्या पुस्तकात टी५१ ते टी६५ या विषारी परिणामांच्या गटाच्या डोक्यावरच लिहिलंय, की कोरोजन यात धरू नये, ते टी२० ते टी३२ मध्ये पाहावं. कातडीवर पडून कातडी खाल्ली, एवढंच असेल तर निदान टी२५.६. रसायन पोटात गेलं, वाफ छातीत गेली, रक्तात उतरून काही बिघडलं, तर तो परिणाम वेगळा कोड करायचा.

रसायनाचा उल्लेख मग जातो कुठे? बाह्य कारणाच्या कोडमध्ये. अपघाताने रसायनाशी संपर्क आला तर बहुतेक वेळा एक्स४९. सेंद्रिय सॉल्व्हंट असेल तर एक्स४६, कीटकनाशक असेल तर एक्स४८, वायू किंवा वाफ असेल तर एक्स४७. पुढचा आकडा जागेचा: घर ०, रस्ता ४, दुकान-बाजार ५, कारखाना किंवा बांधकाम ६, शेत ७. वरच्या कामगाराचा अखेर झाला टी२५.६ आणि जोडीला एक्स४९.६. त्यानंतर क्वेरी आली नाही.

एक्स४० ते एक्स४९ च्या शीर्षकातही अपघाती विषबाधा हे शब्द आहेत, त्यामुळे टीपीएचा माणूस कधी तिथेही अडखळतो. त्यावर उपाय साधा. निदानाच्या ओळीत शब्दांत पूर्ण लिहा: कारखान्यात काम करताना उजव्या पावलावर कॉस्टिक सोडा पडून झालेलं दुसऱ्या डिग्रीचं कोरोजन, अपघाती. नुसत्या कोडने न सुटणारे क्लेम या एका वाक्याने सुटतात.

विमा नियामकाच्या ठरलेल्या क्लेम फॉर्मचा ब भाग रुग्णालयाने भरायचा असतो. त्यात इजेमुळे दाखल झाला का, मेडिकोलीगल (एमएलसी, म्हणजे पोलिसांशी संबंध येणारी केस) आहे का, पोलिसांना कळवलं का, नसेल तर का नाही, असे रकाने येतात. वर कोड इजेचा आणि खाली इजा "नाही" अशा फाईली मी स्वतः पाठवल्यात. घाईत होतं. एमएलसी नोंद झाली असेल तर तो नंबर तिथे हवाच.

हेतू आपल्या मनाने ठरवू नका. कुणी मुद्दाम ॲसिड फेकलं असेल तर बाह्य कारण एक्स८६, आणि ते प्रकरण भारतीय न्याय संहितेच्या कलम १२४ मध्ये जातं. तिथे प्रथमोपचार मोफत द्यायचे असतात, क्लेमबिम नंतर. अपघात की घातपात हे डॉक्टरांनाच ठरवता आलं नसेल, त्यांनी तसं लिहिलं असेल, तर त्यासाठीही वेगळा कोड आहे, वाय१९. पेशंट गप्प आहे म्हणून आपण अपघात लिहून टाकायचा नाही.

अमेरिकन पुस्तकात उलटं चालतं

माझ्या मावसबहिणीची मुलगी गुहागरला घरी बसून अमेरिकन रुग्णालयांचे चार्ट कोड करते. तिने एका रात्री फोन केला. "मावशी, तू म्हणालीस टी५४ लावू नको, मी काढला, आणि ऑडिटमध्ये माझे मार्क गेले." चूक माझीच. मी माझ्या पुस्तकातलं सांगितलं होतं, ती आयसीडी-१०-सीएम वापरते. अमेरिकेत ते १ ऑक्टोबर २०१५ पासून लागू आहे आणि दर ऑक्टोबरला त्याची नवी आवृत्ती निघते.

त्या पुस्तकात टी२५.४ ते टी२५.७ च्या खाली स्पष्ट सूचना आहे, की रसायन आणि हेतू सांगणारा टी५१ ते टी६५ मधला कोड आधी लावा. म्हणजे कॉस्टिकच्या केसमध्ये पहिला टी५४.३एक्स१ए, मग टी२५.६२१ए. आपल्याकडे जो कोड मुख्य रकान्यात गेला की गोंधळ, तोच तिकडे पहिल्या नंबरवर नसला की गोंधळ.

तिकडचा हा कोड सात चिन्हांचा, एकही कमी चालत नाही. टी२५.६ एवढाच टाकला तर अपुरा म्हणून परत येतो. टी२५.६२१ए चा अर्थ असा: ६ म्हणजे दुसऱ्या डिग्रीचं कोरोजन. पुढचा २ म्हणजे पाऊल. तिथे १ असता तर घोटा, ३ असता तर बोटं आणि नखं, ९ असता तर घोटा आणि पाऊल मिळून एकापेक्षा जास्त जागा. त्यानंतरचा १ उजवा, २ डावा, ९ न सांगितलेला. टी५४.३एक्स१ए मधला एक्स जागा भरायला, त्यानंतरचा १ म्हणजे अपघात. २ स्वतःहून, ३ हल्ला, ४ ठरवता न आलेलं. ॲसिड असेल तर टी५४.२, फिनॉल असेल तर टी५४.०.

शेवटच्या अक्षरावर तिचा वाद कायम चालतो. ए म्हणजे पहिली भेट, असं नव्या मुलांना वाटतं. ए म्हणजे जखमेवर सक्रिय उपचार चालू आहेत. विसाव्या दिवशी त्वचारोपण केलं तरी ते ए. जखम भरत आलीय, नुसतं बघायला आणि ड्रेसिंगला बोलावलंय, तेव्हा डी. मागे राहिलेल्या व्रणासाठी, आखडलेल्या बोटासाठी एस. आणि भरत नसलेली किंवा काळी पडलेली जखम ही त्यांच्या नियमात ताज्या जखमेसारखीच कोड होते.

आपल्या क्लेममध्ये हे सात चिन्हांचं शेपूट टाकू नका. जालावर शोधलं की पहिल्यांदा अमेरिकन कोडच समोर येतो, तोच उचलून चिकटवला जातो, आणि इथली सिस्टिम लाल होते. डावं-उजवं आपल्या टी२५.६ मध्ये मावत नाही, ते शब्दांत लिहायचं.

डिग्री कोणत्या दिवशीची?

या विषयात सगळ्यात जास्त घोटाळे इथे होतात, आणि कोडिंगवाल्यांना ते सहसा दिसतही नाहीत.

ॲसिड कातडीतली प्रथिनं गोठवतं, त्याची खपलीसारखी भिंत तयार होते आणि पुढचा शिरकाव बराचसा अडतो. अल्कली उलट, ऊती विरघळवत आत आत जात राहते. म्हणून कॉस्टिक, चुना, सिमेंट यांची जखम पहिल्या दिवशी नुसती लाल दिसली तरी दोन-तीन दिवसांत पूर्ण जाडीची होऊ शकते. दाखल होताना पहिली डिग्री, सुट्टी होताना तिसरी. प्री-ऑथमध्ये (खर्चाच्या आगाऊ मंजुरीच्या अर्जात) टी२५.५ गेला, अंतिम बिलात त्वचारोपण आलं, तर समोरचा विचारणारच, की लाल कातडीवर रोपण कशाला? इथे प्री-ऑथचा कोड डोळे मिटून पुढे ओढायचा नाही. अंतिम निदान डिस्चार्ज कार्डावरून घ्यायचं आणि मधल्या दिवशीची डॉक्टरांची नोंद जोडायची. ड्रेसिंगचे तारखेसकट फोटो असतील तर सोन्याहून पिवळं.

डॉक्टर कधी डिग्रीऐवजी जाडी लिहितात. वरवरची अर्धी जाडी आणि खोल अर्धी जाडी, दोन्ही दुसऱ्या डिग्रीतच. पूर्ण जाडी म्हणजे तिसरी. एकाच पावलावर फोडही आहेत आणि बेचक्यात पूर्ण जाडीची जखमही, तर मोठी तीच धरायची, एकच कोड. पोटरीवरही ओघळ गेला असेल तर पोटरी टी२५ मध्ये येत नाही, तिचा गट टी२४. गमबुटाच्या केसमध्ये बुटाच्या काठाची गोल रेघ पोटरीवर दिसते का, हे नोंदीत बघा.

शरीराचा किती भाग खाल्ला गेला, त्या टक्केवारीचं गणित तर मी आता डेस्कवर चिकटवून ठेवलंय. मोठ्या माणसाचं एक अख्खं पाऊल, वर-खाली धरून, शरीराच्या सुमारे साडेतीन टक्के. दोन्ही पावलं सात. म्हणजे फक्त पावलं असतील तर टी३२.०, दहा टक्क्यांखाली, याच्या वर जाऊच शकत नाही. तरी कार्डावर "१८ टक्के" लिहून येतं, कारण नवाच्या नियमात (ही टक्केवारी काढायची ढोबळ पद्धत) अख्खा पाय १८ धरतात आणि मराठीत पावलालाही पाय, मांडीपासूनच्या पायालाही पायच. भाषेने एकदा तारलं, इथे बुडवलं. आणि टी३२ हा कोरोजनचा, टी३१ भाजण्याचा. वर टी२५.६ आणि खाली टी३१ असं लग्न लावू नका.

एक वेगळं प्रकरण हायड्रोफ्लुओरिक ॲसिडचं. दिसायला फारसं काही नाही, पण पेशंट कळवळत असतो. त्यातलं फ्लोराइड आत उतरून कॅल्शियम बांधून टाकतं, हृदयाची लय बिघडू शकते. एवढ्याशा लाल डागासाठी आयसीयू का, अशी क्वेरी आली तर रक्तातल्या कॅल्शियमचे रिपोर्ट आणि कॅल्शियम ग्लुकोनेट दिल्याची नोंद हेच उत्तर. कॅल्शियम खाली गेलं असेल आणि डॉक्टरांनी तसं लिहिलं असेल तर ई८३.५ जोडीला लागतो.

कोरोजनसारखं दिसणारं, पण नसलेलं

बिब्बा. पायात काटा मोडला, टाचेला भेगा पडल्या, की अजूनही कुणीतरी बिब्बा गरम करून लावतं. कधी गुण येतो, कधी उततो. घोट्यापर्यंत सूज, पाण्याने भरलेले फोड, खाज. काजूच्या टरफलातल्या तेलाचंही तसंच, बी फोडणाऱ्या बायकांच्या हातांवर त्याचे डाग आपण सगळ्यांनी पाहिलेत. बिब्बा आणि काजू एकाच कुळातले. डॉक्टरांनी याला वनस्पतीजन्य त्वचादाह म्हटलं तर ॲलर्जीचा एल२३.७, नुसत्या दाहाचा एल२४.७. केमिकल बर्न म्हटलं तर टी२५ मधला कोरोजन. दोन्ही म्हणणारे डॉक्टर मी पाहिलेत.

इथे पैशाचा प्रश्न येतो. पॉलिसी घेतल्यावर पहिले ३० दिवस आजाराचा खर्च मिळत नाही, अपघाताला ती अट नाही. एल गटातला कोड म्हणजे आजार, टी गटातला म्हणजे इजा. त्यामुळे नातेवाईक डेस्कवर येऊन हळूच म्हणतात, "ताई, तो टीवाला टाका ना." मी टाकत नाही. पण खरोखर बाटलीतलं ॲसिड सांडलं असताना आळसाने एल२४ पडला असेल, तर तो बदलून घ्यायला मात्र डॉक्टरांच्या केबिनबाहेर तासभर उभी राहते.

मधुमेह असलेल्यांचं याहून नाजूक. पायाला संवेदना नाही, ॲसिडने फरशी धुताना कळलंच नाही, तीन आठवडे जखम भरली नाही. आता कुणीतरी "डायबेटिक फूट" लिहितं आणि क्लेम आधीपासूनच्या आजाराच्या प्रतीक्षा काळात जाऊन पडतो, जो ३६ महिन्यांपर्यंत असू शकतो. जखमेची सुरुवात रसायनाने झाली असेल तर मुख्य निदान कोरोजन, मधुमेह जोडीला. पण ती सुरुवात पहिल्या कागदावर लिहिलेली हवी. तीन आठवड्यांनी आठवून लिहिलेली कुणी मानत नाही. कुरुपावर लावायची औषधी पट्टीही अशा पायाला खाते. त्यातलं सॅलिसिलिक ॲसिड औषधांच्या यादीत टी४९.४ मध्ये येतं, कारखान्यातल्या ॲसिडांबरोबर टी५४ मध्ये नाही.

बंदरावरच्या बर्फाच्या कारखान्यातून कधी अमोनियाची केस येते. द्रवरूप अमोनिया उणे ३३ अंशांना उकळतो, म्हणजे पायावर पडला तर गारठ्याने गोठवतोही आणि अल्कली म्हणून खातोही. हिमदंश लिहिलं असेल तर टी३३.८ किंवा, ऊती मेल्या असतील तर, टी३४.८. कोरोजन लिहिलं असेल तर टी२५. नुसतं "अमोनिया इंज्युरी" लिहिलं असेल तर परत डॉक्टरांकडे. समुद्रात पाय बुडवून आलेल्या पर्यटकाच्या घोट्यावरचे चाबकासारखे लाल पट्टे जेलीफिशचे. ते टी६३.६, भाजणं नव्हेच.

आणि गणपतीच्या आधीचा आठवडा. खळ्यातलं, पायऱ्यांवरचं शेवाळ काढायला ब्लीचिंग पावडर टाकतात, ते निघेना म्हणून वरून ॲसिड. दोन्ही मिसळून क्लोरीन सुटतो. पाय पोळले म्हणून आलेली बाई खोकत असते, आणि कोड फक्त पायाचा जातो. छातीचा एक्स-रे, नेब्युलायझर, रात्रभरचा ऑक्सिजन असं सगळं बिलात दिसतं, निदानात नाही. तिथे टी२५ बरोबर क्लोरीनचा टी५९.४ हवा, अर्थात डॉक्टरांनी वायूचा त्रास नोंदवला असेल तर.

आठ महिन्यांनी तोच पाय

गमबूटवाला परत आला होता. जखम भरली, पण दोन बोटं व्रणाने खाली ओढली गेलेली, चप्पल बसेना. ऑपरेशनसाठी दाखल. आमच्या नव्या मुलाने जुनी फाईल बघून टी२५.६ टाकला आणि क्वेरी आली, की अपघात पुन्हा झाला का? आता मुख्य निदान बोटांच्या आखडण्याचं, आणि जोडीला टी९५.३, पायाच्या भाजण्याचे, कोरोजनचे, हिमदंशाचे मागे राहिलेले परिणाम. अमेरिकन पुस्तकात टी९५ नाही, तिथे जुन्याच कोडच्या शेवटी एस लागतो.

जुना डिस्चार्ज कागद जोडायला सांगितला तर बायकोने पिशवीतून काढला. घडीघडीवर सेलोटेप लावलेला. त्यावर तेव्हा मी भांडून लिहून घेतलेली ओळ होती: कॉस्टिक सोडा, उजवं पाऊल, काम करताना. क्लेम तीन दिवसांत पास झाला.